तेरची पांढर

मराठवाड्यात वस्तीला पांढरी म्हणतात आणि शेताला काळी. माणसं जिथे पिढ्यान्‌पिढ्या राहिली, चुलीची राख टाकत गेली, पडक्या भिंतींवर नव्या भिंती उभारत गेली, तिथली माती पांढुरकी पडते. पुढे गाव उठून गेलं तरी पांढर जागच्या जागी राहते. धाराशिव जिल्ह्यात तेरणा नदीकाठच्या तेर गावाला अशा पांढरींच्या टेकाडांनी वेढलेलं आहे. मोठा पाऊस झाला की उतारावरची माती ओघळते आणि काही ना काही वर येतं. कधी नक्षीचं खापर, कधी शंखाच्या बांगडीचा तुकडा, कधी ज्वारीच्या दाण्याएवढा लाल मणी.

तेरला येणारी बहुतेक माणसं मात्र गोरोबाकाकांच्या समाधीला येतात. भजनात दंग होऊन चिखल तुडवताना पोटचं पोर पायाखाली आलं, ती कथा इथलीच. थापटीने संतांची डोकी वाजवून कोणतं मडकं कच्चं ते सांगणारे गोरोबाकाकाही इथलेच. कालेश्वराच्या देवळाजवळ समाधीचं दर्शन घ्यायचं, नदीकडे एक नजर टाकायची आणि परतीची एसटी पकडायची, असा साधारण रिवाज. गोरोबाकाकांच्याही हजार-बाराशे वर्षं आधी याच काठावर मातीत हात घालून बसलेल्या कारागिरांचं काम दोन पावलांवर मांडून ठेवलंय, हे अनेकांना ठाऊकच नसतं.

इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक भाषिक व्यापाऱ्याने लाल समुद्रापासून भारतापर्यंतच्या बंदरांची माहितीवही लिहिली. ‘पेरिप्लस’ या नावाने ती ओळखली जाते. भडोचपासून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण, आणि पैठणहून पूर्वेला दहा दिवसांवर तगर नावाचं फार मोठं शहर, असं तीत नोंदलेलं आहे. तगरहून साधं कापड आणि तऱ्हेतऱ्हेची मलमल गाड्यांमध्ये लादून, धड रस्ता नसलेल्या मुलखातून भडोचला जात असे. लिहिणारा हिशेबी माणूस असावा. देवळं-राजवाडे यांत तो फारसा गुंतत नाही. काय मिळतं आणि कुठून येतं, एवढंच बघतो.

हे तगर नेमकं कुठलं, यावर एकोणिसाव्या शतकात विद्वानांची चांगलीच जुंपली होती. कुणी देवगिरी म्हणे, कुणी जुन्नर, कुणी धारूर. १९०१ मध्ये जे. एफ. फ्लीट यांनी तेरकडे बोट दाखवलं आणि तेच पुढे मान्य झालं. खरं तर आपल्या कानांना हे अवघड वाटायला नको. प्राकृतात मधला ‘ग’ विरघळतो. नगरचं नेर झालं, म्हणून तर आपल्याकडे संगमनेर आणि पारनेर आहेत. तसंच तगरचं तेर. दिशेची थोडी कुरबुर राहतेच, कारण तेर पैठणच्या नेमकं पूर्वेला नाही, आग्नेयेला आहे. बैलगाडीच्या वाटा काही फूटपट्टीने आखलेल्या नव्हत्या, असं म्हणून मी ती सोडून देतो. शिवाय ठाण्याचे आणि कोल्हापूरचे शिलाहार राजे शेकडो वर्षांनंतरही ‘तगरपुरवराधीश्वर’ असं बिरुद मिरवत होते. मुंबईत दोन पिढ्या काढलेला माणूस ‘आमचं मूळ गाव अमुक’ असं सांगतो ना, तसंच काहीसं.

पुढे इथे अनेकदा उत्खनन झालं. आऱ्यांच्या चाकासारख्या मांडणीचा विटांचा स्तूप सापडला, लाकडी तटबंदीच्या खुणा मिळाल्या. पण तेरची खरी पुंजी गोळा केली ती गावातल्याच एका माणसाने. रामलिंगप्पा लामतुरे यांनी पांढरीवर उघड्या पडलेल्या वस्तू वर्षानुवर्षं वेचल्या, लोकांकडून मिळवल्या, जपल्या. त्या हजारो वस्तूंमधून आजचं शासकीय संग्रहालय उभं राहिलं. त्याला त्यांचंच नाव आहे, आणि ते योग्यच आहे.

अभ्यासकांची इथे एक तक्रार असते, आणि ती खरी आहे. वेचलेल्या वस्तूचा थर हरवतो. ती कोणत्या घरात होती, शेजारी काय होतं, वर-खाली कोणतं खापर होतं, हे कळत नाही आणि काळ ठरवायला आधार उरत नाही. पण दुसरी बाजूही पाहायला हवी. धाब्याच्या घरांवर टाकायला, शेताला खत म्हणून, पांढरीची माती गाड्या भरभरून नेण्याची आपल्याकडे जुनी रीत. लामतुरे यांनी वेचलं नसतं, तर यातलं बरंच कुणाच्या तरी छपरावर किंवा तुरीच्या मुळाशी गेलं असतं. थर तर तसाही गेलाच होता.

संग्रहालयात मी सर्वांत जास्त वेळ थांबलो तो बाहुल्यांपुढे. पांढऱ्या केओलिन मातीच्या, सातवाहनकाळातल्या या बाहुल्या विताएवढ्याही नाहीत. केसांची रचना मात्र इतकी बारीक की आजच्या लग्नातली नवरीही लाजावी. या दोन साच्यांत घडवत. एकात पुढची बाजू, दुसऱ्यात पाठ. मग दोन्ही अर्धुकं कडेला ओल्या मातीने जोडायची. आत पोकळी राहते, म्हणून भट्टीत बाहुली तडकत नाही. एक बाहुली मधोमध फुटली होती. मान वाकडी करून आतल्या बाजूला पाहिलं. चेहरा गुळगुळीत, देखणा, पण पाठीमागे माती साच्यात दाबतानाचे ओबडधोबड खळगे. गिऱ्हाईकाला न दिसणारी बाजू कारागिराने तशीच सोडून दिली होती.

रोमन नाण्यांच्या मातीतल्या नकलाही तेरला मिळाल्या आहेत, दोऱ्यात ओवून गळ्यात घालायला भोकं पाडलेल्या. सोन्याचं नाणं परवडत नसेल, पण सम्राटाचा मुखडा तरी मिरवता यावा, ही हौस मला फार ओळखीची वाटली. आणि एक हस्तिदंती स्त्रीमूर्ती. तिची जातकुळी थेट इटलीतल्या पोम्पेईशी जुळते. इसवी सन ७९ मध्ये व्हेसुव्हियसच्या राखेत गाडल्या गेलेल्या त्या शहरात १९३८ मध्ये अशीच एक भारतीय घडणीची हस्तिदंती स्त्री सापडली. ती आता नेपल्सच्या संग्रहालयात आहे. पोम्पेईची बाई तेरचीच, असं छातीठोकपणे सांगणारे भेटतात. तेवढा पुरावा नाही. तशी मूर्ती भोकरदनलाही मिळाली आहे. दोघी-तिघी एकाच घराण्यातल्या, एवढं म्हणावं.

त्रिविक्रमाचं देऊळ पाहिल्याशिवाय गाव सोडू नये. सगळं विटांचं, आणि मागची बाजू हत्तीच्या पाठीसारखी गोलावलेली. बौद्ध चैत्यगृहाची ही घडण. मूळचा चैत्य पुढे विष्णूचा झाला, असं अनेक अभ्यासकांचं मत आहे. समोरचा मंडप नंतरचा. आत पाय उचललेला त्रिविक्रम उभा आहे, आणि पूजा चालू असल्याने या वास्तूला अवशेष म्हणायला जीभ रेटत नाही. तेरच्या जुन्या विटा पाण्यावर तरंगतात, हे इथे कौतुकाने सांगतात. त्यात चमत्कार नाही. मातीत भाताचा कोंडा कालवायचा. भट्टीत तो जळून जातो आणि वीट भोकाभोकांची, हलकी होते.

परतताना वाट पांढरीच्या कडेने जात होती. आदल्या रात्री पाऊस झाला होता. पायाशी एक लालसर खापर दिसलं, वाकून उचललं. कड झिजलेली, आतून काळपट. सातवाहनांच्या काळातलं की गेल्या उन्हाळ्यात फुटलेल्या माठाचं, ते मला ओळखता येईना. होतं तसं, त्याच अंगावर परत ठेवलं.