पडद्यावरची भांडखोर बाई : प्रिया तेंडुलकर

1985 साली आम्ही दुसरीत होतो. वराळ्यात तेव्हा टी.व्ही. असलेली घरे बोटांवर मोजण्याइतकी. दूरदर्शनवर ‘रजनी’ लागली की पोरे पुढे जमिनीवर आणि बायका दाराशी, अशी दाटी व्हायची. कपाळावर टिकली, अंगावर साडी, अशी एक साधी गृहिणी अडवणूक करणाऱ्याला सर्वांदेखत जाब विचारते, हे आमच्या आयाबहिणींनी प्रथमच पाहिले.

ती भूमिका करणाऱ्या प्रिया तेंडुलकर नाटककार विजय तेंडुलकरांच्या कन्या. जन्म 19 ऑक्टोबर 1954. वडील नामवंत, म्हणून मुलगी आयती नटी झाली असे कोणी समजू नये. त्यांनी पंचतारांकित हॉटेलात नोकरी केली, हवाई सुंदरी म्हणूनही काम केले. श्याम बेनेगलांच्या ‘अंकुर’मध्ये (1974) त्या अनंत नागच्या पत्नी होत्या. पुढे ‘गोंधळात गोंधळ’, ‘मुंबईचा फौजदार’ असे मराठी चित्रपट केले. पण घराघरांत नाव झाले ते बासू चटर्जींच्या ‘रजनी’मुळे. टॅक्सीवाल्यांवरचा भाग दाखवल्यावर चिडलेल्या चालकांनी चक्क दूरदर्शन केंद्रावर निदर्शने केली!

ग्राहक संरक्षण कायदा 1986 चा. म्हणजे रजनी भांडत होती तेव्हा हा कायदा झालेलाच नव्हता.

मात्र एक गोष्ट आम्हाला तेव्हाही खटकायची, आजही खटकते. रजनी शहरातली, शिकलेली. महिनाअखेर तिला उधारी मागावी लागत नसे. आमच्या आईला रॉकेलचे माप कमी भरते हे डोळ्यांना दिसायचे, पण बोलली तर पुढच्या वेळी ‘संपले’ म्हणून परत पाठवतील, या धास्तीने ती गप्प राही. मालिका पाहून परतताना ती म्हणायची, “बोलती खरी, पण तिला उद्या त्याच दुकानात जायचं न्हाई.” यावर रजनीकडे उत्तर नव्हते.

घरी गॅस आला तेव्हा मात्र आईने पहिलीच टाकी पोचवणाऱ्याला काटा लावायला सांगितले. आत 14.2 किलो गॅस हवा, रिकाम्या टाकीचे वजन टाकीवरच लिहिलेले असते, ही बेरीज आम्ही तिला करून दिली होती. पोचवणारा कुरकुरला. आई म्हणाली, “भाऊ, मी थांबते, तू वजन कर.”

प्रियाताईंनी पुढे स्वतःच्या नावाचा चर्चेचा कार्यक्रम चालवला, कथा लिहिल्या. ‘हम पांच’मध्ये त्या भिंतीवरच्या तसबिरीतून बोलणारी, अशोक सराफांची दिवंगत पहिली बायको होत्या. तसबिरीतूनही नवऱ्याला झापणे काही सुटले नाही! कर्करोगाशी झुंज दिल्यानंतर 19 सप्टेंबर 2002 रोजी मुंबईत हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. वय अवघे 47. बातमी ऐकून आई एवढेच म्हणाली, “रजनी गेली व्हय?”