मोडलेले दांत

दोन वर्षांपूर्वींच्या दिवाळींत फराळाची गडबड चालू असतां आमचा पुतण्या अंगणांतील वृंदावनावर तोंडघशीं आपटला. वय वर्षें आठ. वरचा पुढचा एक दांत मुळासकट निघून आला व शेजारच्याचा टवका उडाला. आमच्या मातुश्रींनीं त्याचें तोंड धुतलें आणि "दुधाचाच तो, नवा येईल," असें म्हणून रीतीप्रमाणें दांत कौलांवर भिरकावला. दोष त्यांचा नव्हे. वरचे मधले दांत सातव्या-आठव्या वर्षीं कायमचे येतात, हें आम्हां शिकलेल्या मंडळींपैकीं तरी कोणास आठवलें?

मुलांच्या मोडक्या दांतांचें टोरोंटोचे दंतवैद्य एलिस यांनीं केलेलें वर्गीकरण अद्यापि प्रचारांत आहे. त्यांत पहिला प्रश्न असा कीं, भंग किती खोल गेला? नुसता एनॅमलचा टवका उडाला असेल तर कड घासून किंवा भरून घेतली कीं काम झालें. आंतील पिंवळसर थर उघडा पडला तर गार वाराही झोंबतो. त्या थरांतील सूक्ष्म नलिकांवाटे जंतु आंत शिरतात, म्हणून तो लवकर झांकून घ्यावा. मोडलेला तुकडा जपून न्यावा, पुष्कळदां तोच चिकटवितां येतो. तांबडा ठिपका दिसला तर मात्र दांताचा जीवच उघडा पडला असें समजावें. पूर्वीं असा जीव बहुधा काढूनच टाकीत. स्वीडनमधील च्वेक यांनीं 1978 सालीं दाखवून दिलें कीं, वरचा सुमारें 2 मिलिमीटर भाग काढून त्यावर औषधाचें आच्छादन घातल्यास उरलेला जीव वांचतो. लहान मुलांत याचें मोल फार. कारण जीव राहिला तरच अपुरें मूळ पुरें वाढतें.

समूळ निघालेल्या दांताची गोष्ट निराळी. तेथें घटकांचा हिशेब. मुळावरील नाजूक पेशी वाळल्या कीं मरतात. कोरड्यांत तास उलटला कीं आशा संपलीच. दांत वरच्या टोकाला धरावा, मूळ घासूं नये, हलकेच धुवून जागच्या जागीं बसवावा व मुलास स्वच्छ रुमाल चावून धरावयास सांगावें. तें न साधल्यास गार दुधाच्या वाटींत घालून तत्काळ दंतवैद्यांकडे न्यावा. साध्या पाण्यांत ठेवूं नये, त्यांत त्या पेशी फुगून फुटतात. खरोखरीच दुधाचा दांत असेल तर मात्र तो परत बसवूं नये; आंतल्या कायमच्या दांताच्या अंकुरास इजा होते.

आमच्या घरीं हें कळलें तें दंतवैद्यांना फोन केल्यावर. शिडी लावून, कौलें चांचपून दांत मिळाला, तों दोन तास होऊन गेले होते. त्यांनीं तो बसविला, पंधरा दिवस तारेनें शेजारच्या दांतांस जखडला. पण हा हाडाशीं एकजीव होऊन वाढत्या जबड्यांत मागें राहील, हेंही तेव्हांच सांगितलें. परवां मुलगा हंसला तेव्हां पाहिलें. शेजारच्या दांताहून तो जवभर वर राहिला आहे.