सकोटॅश: घाईतलं कणीस, सावकाश दाणा

कणीस खुडलं तरी त्यातले दाणे जिवंतच असतात आणि त्यांचं काम थांबत नाही. ताटाकडून येणाऱ्या साखरेचा स्टार्च करून साठवायचा, हे ते काम. खुडल्यावर नवी साखर येईनाशी होते, असलेली मात्र खर्च होत राहते. ३० अंश सेल्सिअसच्या उकाड्यात जुन्या वाणाच्या गोड मक्यातली जवळपास निम्मी साखर एका दिवसात जाते. आधी चुलीवर आधण ठेवावं आणि मग कणसं खुडायला जावं, असं अमेरिकेतले जुने शेतकरी सांगत, ते उगाच नाही.

या घाईच्या कणसाला त्याच सुमारास भरणाऱ्या शेंगांच्या ओल्या दाण्यांची जोड दिली की सकोटॅश होतं. न्यू इंग्लंडमधल्या नॅरागॅन्सेट आणि आसपासच्या मूलनिवासी लोकांचा हा पदार्थ. मका आणि वेलाचे दाणे ते एकाच वाफ्यात लावत. मक्याच्या ताटावर वेल चढे. आज त्यात बहुधा लायमा बीन्स असतात, अमेरिकेच्या दक्षिणेकडे टोमॅटो आणि भेंडीही पडते.

ही जोडी पोषणातही जुळते, हे प्रयोगशाळेत उंदरांनी दाखवलं. ऑसबर्न आणि मेंडेल या अमेरिकन शास्त्रज्ञांनी १९१४ च्या सुमारास उंदरांना प्रथिन म्हणून फक्त मक्यातलं झेइन दिलं. उंदरांचं वजन घटत गेलं. त्यात ट्रिप्टोफॅन हे अमिनो आम्ल मिसळलं तेव्हा वजन टिकलं, पण वाढ होईना. लायसिनही मिसळल्यावर ते वाढू लागले. मक्यात या दोन्हींची चणचण असते; शेंगांच्या दाण्यांत लायसिन भरपूर, फक्त मिथिओनिन कमी, आणि ते मक्याकडून मिळतं. वरण-भातात आणि खिचडीतही हाच हिशेब आहे.

मात्र हा हिशेब एकाच घासात जुळवायला हवा, ही समजूत जरा जास्तच पसरली. फ्रान्सिस मूर लापे यांच्या १९७१ च्या ‘डाएट फॉर अ स्मॉल प्लॅनेट’ या पुस्तकाने ती घरोघरी नेली आणि दहा वर्षांनी नव्या आवृत्तीत त्यांनीच ती मागे घेतली. सकाळी उसळ आणि रात्री भाकरी खाल्ली तरी शरीर जमवून घेतं. तेव्हा सकोटॅश करावं ते चवीसाठी.

आपल्याकडे करायचं तर पावटा आठवेल, पण तो थंडीतला आणि कणसं पावसाळ्यातली. दोघांची गाठ पडत नाही. त्यापेक्षा घेवड्याचे ओले दाणे घ्यावेत. घेवडाही मक्यासारखा मूळचा अमेरिकेचाच. त्याच्या दाण्यांत लेक्टिन नावाचं प्रथिन असतं, ते कच्चं पोटात गेलं तर उलट्या-जुलाब होतात. निदान दहा मिनिटं खळखळून उकळलं की ते निकामी होतं. नुसत्या मंद आचेवर मात्र टिकून राहू शकतं. म्हणून दाणे आधी आणि पुरते शिजवायचे, अगदी बोटाने चिरडतील इतके. टोमॅटो घालायचा असेल तर त्यानंतरच. आंबट पाण्यात दाण्यांच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन सहज विरघळत नाही आणि मग कितीही गॅस जाळा, दाणे टचटचीत ते टचटचीतच.

मक्याला चार-पाच मिनिटं पुरतात. दाणे सुरीने कापून घ्यावेत, मग सुरीची बोथट बाजू कणसावरून दाबत ओढावी. दाण्यांच्या बुडाशी राहिलेलं दूध निथळतं आणि सकोटॅशचा दाटपणा त्यातच असतो. इथे वाणाचा प्रश्न येतो. बाजारातलं स्वीटकॉर्न बहुतेकदा ‘श्रंकन-२’ या जनुकाचं असतं. त्यात साखरेचा स्टार्च करण्याची वाटच अडलेली असते, त्यामुळे फ्रिजमध्ये काही दिवस ते गोड राहतं. दुकानदाराची सोय झाली, पण दूध मात्र पांचट निघतं. जुन्या गोड मक्यात फायटोग्लायकोजेन नावाचा मऊ, पाण्यात विरघळणारा पदार्थ असे, त्यानेच त्याला सायीसारखा दाटपणा येई. त्यावर तोडगा सोपा आहे: एखादं कोवळं देशी कणीस किसून घालावं. त्यातला स्टार्च सत्तरेक अंशांना फुगतो आणि रस अंगाबरोबर होतो.

झाकण काढल्यावर येणारा मक्याचा तो खास वास मुख्यत्वे डायमिथाइल सल्फाइडचा. समुद्राच्या वाऱ्यातही हाच वायू असतो. तो चटकन उडून जातो, म्हणून लोणी, मीठ आणि मिरपूड हाताशी ठेवावी, पानं आधी मांडावीत आणि मका सगळ्यात शेवटी टाकावा.