विलायती मुंगूस अर्थात् वीझल

गेल्या पावसाळ्यांत एका दुपारीं आमच्या खुराड्यांतलीं सहा पिलें नाहींशीं झालीं. बांधावरचें मुंगूस हेंच चोर, अशी आमची खात्री झाली व आम्हीं सांपळा लावण्याची तयारी केली. त्याच सुमारास नातवाच्या इंग्रजी पुस्तकांत ‘वीझल’ या प्राण्याचें चित्र पाहण्यांत आलें. त्याखालीं त्यानें पेन्सिलीनें ‘मुंगूस’ असा अर्थ लिहिला होता. तो बरोबर नाहीं असें चौकशीअंतीं कळलें. परंतु त्या चौकशींत जें हातीं आलें तें शेतकरी बंधूंच्या उपयोगाचें वाटल्यावरून येथें सादर करीत आहों.

वीझल दिसण्यांत मुंगुसासारखा असला तरी त्याचें गोत्र निराळें. मुंगूस हें मांजर व तरस यांच्या बाजूचें. वीझल हा आपल्या नद्यांतील पाणमांजराचा भाऊबंद. युरोप, उत्तर आशिया व उत्तर अमेरिका हें त्याचें घर. त्याच्या जातीचे कांहीं प्राणी आपल्या देशांत हिमालयांत आढळतात. महाराष्ट्रांत तो नाहीं.

मांसाहारी श्वापदांच्या वर्गांत धाकट्या वीझलाहून लहान प्राणी जगांत दुसरा नाहीं. इंग्लंडांतील नराचें वजन सुमारें १०० ते १३० ग्रॅम व मादीचें त्याच्या निम्म्याच्या जवळपास. अंग वीतभर लांब, पाय आंखूड, पाठ तांबूस तपकिरी, पोट पांढरें. फार थंड मुलखांत हिवाळ्यांत तो सर्वांगीं पांढरा होतो. त्यामुळें बर्फांत ओळखूं येत नाहीं. त्याचा थोरला भाऊ स्टोट. स्टोटाच्या शेंपटीचें टोंक बारमाही काळें, ही ओळखण्याची खूण.

शेत, कुंपण, दगडी गडगा, रानाची कड, जेथें उंदीर तेथें वीझल. स्वतः बीळ खणण्याचा खटाटोप तो सहसा करीत नाहीं. मारलेल्या उंदराचेंच बीळ बळकावतो व त्याच्याच केसांचें अंथरूण करून राहतो. अंग बारीक असल्यामुळें तो थेट बिळांत शिरतो आणि मानेचा चावा घेऊन उंदीर मारतो. मात्र या सडपातळ देहांत ऊब टिकत नाहीं. म्हणून रोज आपल्या वजनाच्या तिसऱ्या हिश्श्याइतकें, कधीं त्याहूनही अधिक, मांस त्याला लागतें व त्यासाठीं रात्रंदिवस हिंडावें लागतें. उंदीर मुबलक असतील त्या वर्षीं मादी दोनदां विते. उंदीर घटले कीं वीझलही घटतात. खुराड्यांत शिरला तर मात्र भुकेपुरतें मारून तो थांबत नाहीं. जमाखर्च मांडावयाचा तर दोन्ही बाजू लिहिल्याच पाहिजेत.

हा प्राणी आपल्या घरीं असा; परक्या मुलखांत नेल्यावर काय झालें तें पाहावें. न्यूझीलंडांत मनुष्य येण्यापूर्वीं जमिनीवर वटवाघुळांखेरीज सस्तन प्राणी नव्हता. गोऱ्या वसाहतवाल्यांनीं तेथें ससे नेले. ते इतके माजले कीं १८७० नंतर मेंढ्यांच्या कुरणांचा फडशा पडूं लागला. उपाय म्हणून १८८० च्या दशकांत फेरेट, वीझल व स्टोट आणून सोडण्यांत आले. पक्षी जाणणाऱ्यांनीं तेव्हांच धोका सांगितला होता. तो कोणीं मनावर घेतला नाहीं. उलट या प्राण्यांना कायद्याचें संरक्षण मिळालें. ससे संपले नाहींत. न उडणारे व जमिनीवर घरटीं करणारे पक्षी मात्र बळी पडले. किवीच्या पिलांचा मोठा शत्रु आजही स्टोटच. १९३६ सालीं संरक्षण पूर्णपणें काढून घेण्यांत आलें, आणि २०१६ सालीं तेथील सरकारनें २०५० पर्यंत उंदीर व पॉसम यांच्याबरोबर या तिघांचेंही निर्मूलन करण्याचा संकल्प जाहीर केला.

आपल्या मुंगुसाचीही हीच कथा. १८७२ सालीं एस्प्यूट नांवाच्या मळेवाल्यानें उंसांतील उंदरांसाठीं हिंदुस्थानांतून नऊ मुंगुसें जमैका बेटावर नेलीं. प्रथम उंसाचें नुकसान कमी झालें; पुढें तीं कोंबड्या, पक्षी व सरडे यांवर उठलीं.

यावरून एवढेंच दिसतें कीं, जनावर वाईट नव्हे, जागा चुकली. मग जें मुंगूस आपल्याच बांधावर, आपल्या जागीं आहे, त्याला आपण कां हुसकावावें? आणेवारीच्या कामीं गांवोगांव हिंडतांना उंदरांनीं कुरतडलेलीं ज्वारीचीं ताटें आम्हीं पुष्कळ पाहिलीं आहेत. त्या नुकसानीपुढें सहा पिलें तीं किती! शिवाय १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याप्रमाणें मुंगूस मारणें हा गुन्हा आहे, हेंही विसरूं नये.

आम्हीं सांपळा लावला नाहीं. खुराड्याचीं भोंकें दगडमातीनें बुजविलीं, दाराला बारीक जाळी ठोकली व पिलांना मोठीं होईपर्यंत आंतच ठेविलें. त्यानंतर दोन पिलें गेलीं, तीं जाळी उघडी राहिली म्हणून. तो दोष मुंगुसाच्या नांवें आम्हीं खर्ची घातलेला नाहीं.