राडा म्हणजे नेमके काय?

‘राडा’ हा शब्द ऐकला की बहुतेकांना मुंबईच्या नाक्यावरची हाणामारी आठवते. हा टपोरी बोलीतून आलेला, शिष्ट माणसाने टाळावा असा शब्द आहे, असाही समज आहे. तो अपुरा आहे.

ग्रामीण मराठीत राडा म्हणजे चिखल, रेंदा. ‘पावसानं गोठ्यात नुसता राडा झालाय’ या वाक्यात भांडणाचा मागमूसही नाही. बांधकामाच्या टाकाऊ मालाला आपण ‘राडारोडा’ म्हणतो, त्यातही हाच शब्द आहे. रोडा म्हणजे विटादगडांचा तुकडा.

भिजलेले अंगण दहा पायांनी तुडवले की माती कुठली आणि पाणी कुठले, ते कळत नाही. घोळक्याच्या मारामारीतही कोणी कोणाला मारले, हे कळेनासे होते. चिखलाचा शब्द भांडणाला लागू होणे हा अर्थविस्तार (शब्दाने मूळ अर्थापलीकडे जाणे) आहे. देवीच्या ‘गोंधळा’चेही असेच झाले: विधीचे नाव गडबडीला लागले.

वापरताना दोन फरक लक्षात ठेवावेत. नुसती तोंडातोंडी झाली तर ती बाचाबाची किंवा हमरीतुमरी. राड्यात सहसा हातघाई येते. तसेच राडा म्हणजे कायद्यातला ‘दंगा’ नव्हे. भारतीय न्याय संहितेनुसार दंग्यासाठी किमान 5 जणांचा बेकायदा जमाव लागतो; बोलीतल्या राड्याला अशी अट नाही.

शब्द रांगडा आहे, पण उपरा नाही. तो आपल्याच मातीतला आहे.