ट्रॅक्टरचे ब्रेक : दोषांची लक्षणे व परीक्षा

गोंदिया जिल्हा १ मे १९९९ रोजी भंडारा जिल्ह्यातून वेगळा झाला. परंतु तलावांचा व धानाचा मुलूख ही या भूमीची ओळख फार जुनी आहे. येथील ट्रॅक्टरला वर्षातून दोन भिन्न कामे करावी लागतात. आषाढ-श्रावणात तो चिखलणीसाठी बांधीत उतरतो आणि कार्तिक-मार्गशीर्षात धानाचे कट्टे भरलेली ट्रॉली ओढीत खरेदी केंद्राकडे किंवा राईस मिलकडे निघतो. पहिल्या कामात ब्रेक झिजतात. त्या झिजेचा प्रत्यय मात्र दुसऱ्या कामात, भर रस्त्यावर येतो. यास्तव ब्रेकच्या दोषांची लक्षणे प्रत्येक ट्रॅक्टरधारकास व चालकास ठाऊक असणे अगत्याचे आहे.

झीज कोठे व कशी होते

ट्रॅक्टरला मागील दोन चाकांसाठी ब्रेकचे दोन स्वतंत्र पायटे असतात. शेतात एका बाजूचा पायटा दाबला असता ते चाक थांबते व ट्रॅक्टर थोड्या जागेत वळतो. धानाच्या बांध्या लहान असल्याने ही वळणे वारंवार घ्यावी लागतात आणि बहुतेक चालक सवयीने एकाच बाजूस वळतात. परिणामी त्या बाजूचे अस्तर दुसऱ्यापेक्षा लवकर झिजते. कोरड्या तबकड्यांचे ब्रेक असल्यास त्यांत चिखल-पाणी शिरण्याचीही भीती असते. तेलात बुडालेल्या तबकड्यांच्या ब्रेकना हा उपद्रव कमी होतो. परंतु तेल योग्य प्रकारचे व योग्य पातळीपर्यंत असावे लागते. आपल्या ट्रॅक्टरचे ब्रेक कोणत्या प्रकारचे आहेत, हे प्रथम माहितीपुस्तिकेतून पाहून घ्यावे.

भार आणि वेग

भरलेली बंडी उतारावर आली की जू बैलांच्या मानेवरून पुढे सरकते आणि बैल अंग मागे रेटून भार धरतात. ट्रॅक्टरच्या बाबतीत हे काम ब्रेकना करावे लागते. ४० किलोचे १०० कट्टे म्हणजे ४० क्विंटल भार झाला. ट्रॉलीचे स्वतःचे वजन निराळेच. अनेक ट्रॉल्यांना ब्रेक नसतात, म्हणून हा सर्व रेटा ट्रॅक्टरच्या दोन चाकांवर येतो. शिवाय वेग दुप्पट झाला असता ब्रेक लागल्यापासून थांबेपर्यंतचे अंतर दुप्पट नव्हे, तर सुमारे चौपट होते. ताशी १५ किलोमीटर वेगाने जाणारी ट्रॉली ज्या अंतरात थांबते, त्याच्या चौपट अंतर ३० किलोमीटर वेगास लागते.

लक्षणांवरून निदान

१. पायटा फार खोल जाणे : अस्तर झिजले आहे किंवा दांड्यांची जुळणी सैल झाली आहे, असे समजावे. जुळणी करूनही पायटा खोल जात असल्यास अस्तर बदलण्याची वेळ आली आहे.

२. ट्रॅक्टर एका बाजूस ओढला जाणे : दोन्ही पायट्यांची जुळणी समान नाही, अथवा एका बाजूच्या अस्तरास तेल किंवा चिखल लागला आहे. ट्रॅक्टर ज्या बाजूस ओढला जातो, त्या बाजूचा ब्रेक अधिक धरतो. दोष बहुधा विरुद्ध बाजूस असतो.

३. ब्रेक न सुटणे : ट्रॅक्टर जड चालतो, डिझेल अधिक लागते व ब्रेकची पेटी तापते. पायट्यास मोकळी चाल नसणे, स्प्रिंग तुटणे किंवा सांधे गंजणे ही याची कारणे होत. पायट्यावर पाय टेकवून चालविण्याच्या सवयीनेही हेच घडते.

४. जोर लावूनही ब्रेक न धरणे : कोरड्या ब्रेकमध्ये तेलाचे सील फुटून अस्तर तेलकट झाले असावे. पाण्यातून आल्यावर असे झाल्यास रिकाम्या जागी हळू चालवीत पायटे हलके दाबावे. पाणी उडून गेले की ब्रेक पुन्हा धरतात.

५. पायटा लिबलिबीत लागणे : हे लक्षण द्रवाच्या दाबावर चालणाऱ्या ब्रेकचे आहे. नळ्यांत हवा शिरलेली असते. दाबून धरलेला पायटा हळूहळू खाली जात असल्यास गळती शोधावी.

६. करकर आवाज येणे : कोरड्या ब्रेकमध्ये अस्तर संपून धातूवर धातू घासत असण्याचा संभव असतो. असा ट्रॅक्टर रस्त्यावर नेऊ नये.

सोपी परीक्षा

ट्रॉली सोडून ट्रॅक्टर सपाट, मोकळ्या जागी न्यावा. दोन्ही पायट्यांची मोकळी चाल मोजावी. ती समान व माहितीपुस्तिकेत दिल्याप्रमाणे असावी. नंतर पायटे कडीने जोडून ट्रॅक्टर मातीवरून हळू चालवावा व ब्रेक दाबावे. मागील दोन्ही चाकांच्या घसरणीच्या खुणा सारख्या लांबीच्या उमटल्या, तर ब्रेक समान आहेत. एका बाजूची खूण आखूड असल्यास तिकडचा ब्रेक कमी धरतो. ब्रेक सुटतो की नाही हे पाहण्यासाठी इतर चाकांस अडण लावावी, गिअर न्यूट्रलमध्ये ठेवून एक मागील चाक जॅकने उचलावे व हाताने फिरवून पाहावे. जॅकने उचललेल्या ट्रॅक्टरखाली कोणीही शिरू नये. अस्तराची भुकटी फुंकू नये. ओल्या फडक्याने पुसावी. अस्तर बदलताना दोन्ही बाजूंचे एकदम बदलावे.

रस्त्यावर जाताना

शेतातून रस्त्यावर येण्यापूर्वी दोन्ही पायटे कडीने जोडलेच पाहिजेत. वेगात एकच पायटा दाबला गेला, तर ट्रॅक्टर गर्रकन वळून उलटू शकतो. देवरी व सालेकसा तालुक्यांच्या डोंगराळ भागात, तसेच पाटाच्या उंच भरावावरून उतरताना, उतार सुरू होण्यापूर्वीच खालचा गिअर टाकावा. भरली ट्रॉली रेटू लागल्यावर गिअर बदलणे साधत नाही. उतारावर क्लच दाबू नये व गाडी न्यूट्रलमध्ये सोडू नये. इंजिनाचा अटकाव हाच तेथील पहिला ब्रेक होय. रोवणीस जाणाऱ्या मजूर स्त्रियांना ट्रॉलीत बसवून नेण्याची प्रथा सोडून द्यावी. ट्रॉली मालाकरिता आहे. ती उलटल्यास आत बसलेल्यांना आधार नसतो.

रोवणी आटोपल्यावर एकदा आणि धान कापणीपूर्वी एकदा, अशी दोन वेळा ही परीक्षा करावी. ग्रामसेवक व कृषी सहायक यांनी गावातील ट्रॅक्टरधारकांना एका सकाळी एकत्र बोलावून मातीवरील खुणांची परीक्षा प्रत्यक्ष करून दाखवावी. तीस खर्च नाही व वेळही थोडा लागतो. बांधीत झिजलेला ब्रेक खळ्यावरच ओळखला गेला, तर धान व माणूस दोन्ही सुखरूप घरी येतील.