हक्काचा पगार

महिन्याची एक तारीख आमच्या घरात सणासारखी असे. वडील शहरातल्या एका खासगी शाळेत मास्तर. पगार झाला की गुलमंडीवरून किराणा यायचा, दुकानदाराच्या वहीतली उधारी मिटायची आणि आम्हा भावंडांच्या हातावर एकेक पेढा पडायचा. एका वर्षी मात्र तीन महिने ही एक तारीख उगवलीच नाही. संस्थाचालकांशी कशावरून तरी वाजले होते आणि पगारबिलात वडिलांचे नाव नव्हते. "अहो, जाऊन विचारा तरी," आई म्हणायची. "मास्तराने पगारासाठी कुणाच्या दारात उभं राहायचं नसतं," हे वडिलांचे उत्तर. चौथ्या महिन्यात पगार सुरू झाला. मागचे तीन महिने बुडाले ते बुडालेच.

पुढे आमच्याच शहरातल्या एका शिक्षिकेच्या खटल्याचा निकाल वाचनात आला आणि ते तीन महिने पुन्हा डोळ्यांपुढे उभे राहिले. 'दीपाली गुंडू सुरवसे विरुद्ध क्रांती ज्युनियर अध्यापक महाविद्यालय' या नावाने तो देशभरच्या वकिलांना ठाऊक आहे. पण ज्यांच्यासाठी तो मोलाचा, त्या किती शिक्षकांना तो माहीत असेल?

हकीकत साधी आहे. सुरवसेबाई छत्रपती संभाजीनगरात, म्हणजे तेव्हाच्या औरंगाबादेत, एका खासगी प्राथमिक शाळेत शिकवत. २००५ मध्ये महापालिकेने शाळेची जागा व्यावसायिक धरून ७९,९७४ रुपयांचे करबिल पाठवले. ते भागवण्यासाठी प्रत्येक कर्मचाऱ्याने दरमहा १,५०० रुपये द्यावेत, असे पत्र निघाले. बाईंनी नकार दिला. मग मेमो सुरू झाले. एक नाही, दोन नाही, तब्बल २५! बाईंनी प्रत्येकाला उत्तर दिले. तरीही १४ नोव्हेंबर २००६ रोजी, ऐन बालदिनी, निलंबनाचे पत्र निघाले. जिल्हा परिषदेच्या शिक्षणाधिकाऱ्यांनी निलंबनाला मान्यता दिली नाही. पण चौकशी समिती बसली, बाईंच्या प्रतिनिधीला तिथे बोलू दिले नाही आणि एकतर्फी चौकशीनंतर १५ जून २००७ रोजी त्यांना नोकरीवरून काढून टाकले. शाळा उघडण्याच्या त्या दिवसांत एका बाईंचा वर्ग मात्र कायमचा मिटला, असेच कुणालाही वाटले असते.

इथे कायदा मदतीला आला. महाराष्ट्रात खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींसाठी १९७७ चा कायदा आणि १९८१ ची नियमावली आहे. बडतर्फ झालेल्या शिक्षकाला ३० दिवसांच्या आत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. न्यायाधिकरण त्याला पुन्हा कामावर घ्यायला लावू शकते, थकलेले वेतनही द्यायला लावू शकते. २००९ मध्ये न्यायाधिकरणाने बडतर्फी रद्द केली आणि पूर्ण थकीत वेतन देण्याचा आदेश दिला. उच्च न्यायालयाने मात्र वेतनाचा तेवढा भाग काढून टाकला. नोकरी परत, पण मधल्या वर्षांचा पगार नाही!

बाई सर्वोच्च न्यायालयात गेल्या. १२ ऑगस्ट २०१३ रोजी न्यायमूर्ती जी. एस. सिंघवी आणि न्यायमूर्ती व्ही. गोपाल गौडा यांनी तो पगार त्यांना परत मिळवून दिला. चार महिन्यांत द्या, नाही तर निलंबनाच्या दिवसापासून ९ टक्के व्याजासह द्या, असे बजावले.

या निकालातली एक गोष्ट घरोघरी कळायला हवी. बेकायदा काढलेल्या माणसाला नोकरीबरोबर मधला पगार मिळणे, हाच सर्वसाधारण नियम. "या काळात मला दुसरी नोकरी नव्हती," एवढे कर्मचाऱ्याने सांगायचे. तो दुसरीकडे कमावत होता, असे मालकाचे म्हणणे असेल तर ते मालकाने सिद्ध करायचे. खटला वर्षानुवर्षे लांबला, याची शिक्षा कर्मचाऱ्याने भोगायची नाही. पगार बंद होतो तेव्हा उपासमार एकट्या मास्तरांची होत नाही, सगळ्या घराची होते, याचीही न्यायालयाने दखल घेतली आहे.

आणि समोर सरकार असले तरी फरक पडत नाही. कोरोनाच्या काळात आंध्र प्रदेश सरकारने कर्मचाऱ्यांचे वेतन आणि निवृत्तिवेतन काही काळ अडवले, तेव्हा केलेल्या कामाचा पगार हा हक्क आहे, असे २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आणि सहा टक्के व्याज द्यायला लावले.

कायदा हाताशी आहे. पण तो कागद मागतो. नेमणुकीचे पत्र, मेमो, त्यांना दिलेली उत्तरे, पोच घेतलेल्या प्रती, तारखा... सुरवसेबाईंनी पंचवीसच्या पंचवीस मेमोंना उत्तरे दिली होती, हे मी पुनःपुन्हा वाचतो. वडील गेल्यावर त्यांची ट्रंक उघडली, तेव्हा तिच्यात विद्यार्थ्यांची जुनी पत्रे निघाली, निकालपत्रके निघाली, एक वर्गाचा फोटो निघाला. त्या तीन महिन्यांचा एकही कागद नव्हता. मागणे लाजिरवाणे आहे, असे त्यांनी मानले होते. अडवणाऱ्याला मात्र लाज वाटली नव्हती.